पाचव्या दिवसाचा नारळ

माझं लग्न झालंय, हे मला एका अनोळखी माणसाकडून कळलं.

मार्गशीर्ष नुकताच लागला होता. कुसगावात आमच्या हॉटेलच्या दाराची काच सकाळी धुक्यानं पांढरी होते. काउंटर उघडायच्या आधी मी त्या काचेवर तळहाताएवढा गोल पुसून बाहेर बघत उभी राहायचे. का, ते मलाही सांगता आलं नसतं. बाहेर जुना हायवे, चहाची टपरी, धुक्यात विरघळणारे ट्रकचे दिवे... भुशी धरणावर भिजायला येणाऱ्यांचा हंगाम सरून दोन महिने झालेले, म्हणजे कुणी येणार होतं असंही नाही. तरी बघायचे.

त्या दिवशी गोलातून एक माणूस दिसला. मोटरसायकल लावून तो सरळ काचेकडेच आला आणि क्षणभर—मी आत, तो बाहेर—आम्ही त्या तळहाताएवढ्या गोलातून एकमेकांकडे बघत राहिलो. मग मी दार उघडलं.

केसांवर दंव. दोन्ही हातांवर मनगटापर्यंत बारीक ओरखडे, चार-पाच मांजरं पाळल्यासारखे. मी सवयीनं रजिस्टर पुढं सरकवलं. त्यानं मुकाट्यानं लिहिलं—नाव, आदिनाथ ढमाले. गाव, इंदुरी. गाडीचा नंबर. शेवटच्या रकान्याशी येऊन पेन थांबलं. तिथं छापलेलं असतं, 'येण्याचे कारण'. पर्यटक तिथं 'फिरणे' लिहितात, नवी जोडपी 'काम' लिहितात.

"रूम कशी हवी?" मी विचारलं.

"रूम नको. माणूस हवंय. अपेक्षा केदारी म्हणून कुणी इथं असतात का?"

मी छातीवरची नावाची पट्टी हळूच ओढणीखाली घेतली. "काय काम आहे त्यांच्याकडे?"

"काम असं नाही." त्यानं खिशातून चौघडी केलेला गुलाबी कागद काढला. "त्या माझ्या बायको आहेत, असं काल कळलं. म्हटलं, एकदा बघून यावं."

तो आमच्याच गावच्या सप्ताहाचा कागद होता. सात दिवसांची सात कीर्तनं, सात पंगती. दिवस पाचवा, अन्नदाते— श्री. आदिनाथ व सौ. अपेक्षा ढमाले.

मी दोनदा वाचलं. मग ओढणीखालची पट्टी बाहेर काढली, कारण लपवून आता काय उरलं होतं.

"अच्छा," तो म्हणाला. आणि का कोण जाणे, कान लाल झाले ते त्याचे.

घडलं ते असं. कुसगाव त्याचं आजोळ. वारलेल्या मामाच्या नावानं त्यानं पाचव्या दिवसाची अर्धी पंगत घेतली होती. उरलेली अर्धी मी, माझ्या वारलेल्या वडिलांच्या, अण्णांच्या नावानं. आमचे कोंडाजी आबा सप्ताहाचे कर्ते, वीणेकरी. त्यांनी चष्म्याशिवाय यादी फोनवरून लोणावळ्याच्या प्रेसला वाचून दाखवली. अन्नदाते म्हणजे जोडपंच, हे प्रेसवाल्याला पिढ्यान्‌पिढ्या पाठ. त्यानं बाकीच्या सहा ओळींसारखीच पाचवी जुळवली, आणि कागद इंदुरीपर्यंत वाटून झाला.

"कुणी अभिनंदन तरी केलं का तुमचं?" मी विचारलं.

"मामीनं केलं. पळून गेलतास का, विचारलं. मग रडली. मग म्हणाली, पोरगी चांगली आहे."

"मामी ओळखतात मला?"

"तुम्ही कीर्तनात पहिल्या रांगेत बसता आणि डोळे मिटून डोलता, एवढं ओळखते."

मी रजिस्टरवर बोट ठेवलं. "हा रकाना राहिला. येण्याचं कारण."

"ते अजून आलेलं नाही."

"म्हणजे?"

"माझा एक सिद्धांत आहे," तो म्हणाला, अगदी साध्या आवाजात, आमचं एक शेत आहे असं सांगावं तसा. "आपण म्हणतो आधी कारण, मग परिणाम. माझ्या मते काळ उलटा आहे. परिणाम आधी येऊन बसतो. कारण मागून चालत येतं. मी इथं आलोय, हा परिणाम झाला. कशासाठी आलोय... ते वाटेत असेल. तोवर रकाना मोकळा राहू द्या."

"मॅनेजर सही करताना विचारतील."

"सांगा त्यांना. ट्रॅफिकमध्ये अडकलंय."

तो गेला. मॅनेजर निलेश सरांनी न बघता पानावर सही केली. रकाना मोकळाच राहिला.

---

कीर्तनाचं मला वेड आहे. लहानपणी अण्णा पखवाजावर बसायचे आणि मी त्यांच्या मांडीला टेकून. बुवांचा पाय ठेक्यावर पडला की माझ्या पाठीतून काहीतरी सरसरत जायचं. अजून जातं. देव कुठं आहे ते मला सांगता येत नाही, पण कीर्तन रंगात आलं आणि शंभर टाळ एकदम वाजून एकदम थांबले, की त्या थांबलेल्या जागेत तो असतो. तेवढं मला ठाऊक आहे.

पाचव्या दिवशी सकाळी दहाला बुवा उभे राहिले. त्यांनी नुसतं धृपद धरलं. अजून निरूपण नाही, दृष्टांत नाही, दोन ओळी आणि त्यांची चाल. माझ्या डोळ्यांतून घळघळ पाणी. मी पदर लावला तेव्हा समोर पुरुषांच्या बाजूला आदिनाथ बसलेला दिसला. टाळ त्याच्या हातात तसाच, वाजवायचा राहिलेला.

आरतीला माइकवरून नावं पुकारली, छापली होती तशीच. मी आबांकडे गेले. "आबा, तेवढं सांगा ना की हे दोघं वेगवेगळे आहेत."

आबा वीणा छातीशी धरून म्हणाले, "आगं, छापलंय ते छापलंय. मंडप भरलाय, आता माइकवं कुटं खुलासा करत बसू? देवाला समदं ठावं हाय. धर ताट."

एका ताटाला दोघांनी हात लावायचा असतो. त्यानं डावीकडून दोन बोटं लावली, मी उजवीकडून दोन. मधे कापूर. एवढ्या काळजीनं कुणी आरती केली नसेल.

मग पहिली वाढ आमची. मी भाताची पाटी घेऊन पुढं, तो बुंदीची घेऊन माझ्यामागं. पंगतीच्या टोकाला शालूबाई मावशी बसलेल्या. त्यांनी मला आपादमस्तक बघितलं, मग त्याला.

"जोडा बरा दिसतोय," मावशी म्हणाल्या.

"मावशी, आमचं लग्न झालेलं नाही."

"मंग काय झालं? भात तर मोकळा झालाय. वाढ अजून."

मागून बुंदी सांडल्याचा आवाज आला. तो हसत होता, खांदे हलवत, आवाज न करता.

पंगत उठल्यावर मांडवाच्या सावलीत आम्ही पाणी पीत उभे राहिलो. तो म्हणाला, "एक विचारू? बुवांनी अर्थ सांगायच्या आधीच तुम्ही रडलात."

"चाल लागली की येतं."

"म्हणजे पाणी आधी. अर्थ मागून."

"ते तुमच्या सिद्धांतात घालू नका," मी म्हटलं. "ते देवाचं आहे."

"मी देवाचंच म्हणतोय."

मी ग्लासातलं उरलेलं पाणी पिऊन टाकलं. मग जे कुणाला कधी सांगितलं नव्हतं ते त्याला सांगितलं. "अण्णा म्हणायचे, देव हाक मारतो ती आपल्याला ऐकू येत नाही. नुसतं डोळ्यांत पाणी येतं. मग आपण कारण शोधत बसतो."

आदिनाथनं ग्लास खाली ठेवला. "तुमच्या अण्णांना भेटायला हवं होतं," तो म्हणाला. "मी चार वर्षं वहीत जे लिहितोय ते त्यांनी एका वाक्यात संपवलं."

तेवढ्यात आबा आले आणि त्यांनी माझ्या ओंजळीत नारळ ठेवला. एकच.

"आबा, आम्ही दोघं आहोत."

"दिवस येक, नारळ येक." त्यांनी रीत समजावली, जशी दर साली सगळ्यांना समजावतात. नारळ घेतला म्हणजे पुढच्या सप्ताहाचा तोच दिवस त्याच माणसांनी बांधला. नारळ वर्षभर देवघरात ठेवायचा, पुढच्या पंगतीला फोडायचा. जमणार नसंल तर संक्रांतीच्या आत परत आणून द्यायचा, म्हंजी दुसऱ्याला देता येतोय.

आबा गेले. आम्ही नारळाकडे बघत राहिलो.

"देवघर तुमच्याकडेच बरं," तो म्हणाला. "मी खोलीवर एकटा असतो. माझ्याकडे देव कॅलेंडरवर." त्यानं नारळ उचलून माझ्या कानाशी धरला आणि हलवला. आत पाणी खळखळलं. त्याच्या बोटांना झेंडूचा आणि तुपाचा वास होता.

"भरलेला आहे," मी म्हटलं.

"ऐकू येतंय," तो म्हणाला. नारळ माझ्या कानाशी होता, त्याच्या नाही.

---

चौदा फेब्रुवारीला आमच्या हॉटेलात गुलाबांची सजावट असते. यंदा फुलं कुठून घ्यायची हा विषय निघाला तेव्हा मीच म्हटलं, इंदुरीला एक ओळखीचे आहेत. निलेश सरांनी माझ्याकडे जरा जास्त वेळ बघितलं.

तीस डिसेंबरला मी इंदुरीत उतरले. किल्ल्याच्या तटाला उन्हं लागली होती, खाली इंद्रायणी गप्प. पॉलीहाऊसमधे शिरले आणि वाटलं, चुकून दुसऱ्या ऋतूत आले. आदिनाथ तिथला सुपरवायझर. हिरव्या रांगांमधून बायका सिकेटरनं फांद्या छाटत चाललेल्या, कुठं फूल म्हणून नाही.

"फुलं कुठायत?" मी विचारलं.

"आलीत. चौदा फेब्रुवारीला." तो झाडाशी वाकला. "बघ... बघा. फूल त्या दिवशी उमलणार, हे आधी ठरलंय. त्यानं मागं हात लांब करून मला आज सकाळी उठवलं आणि सिकेटर हातात दिली. छाटणी हे कारण. फूल हा परिणाम. आधी काय आलं?"

"याला नियोजन म्हणतात."

"ते लोक घाबरू नयेत म्हणून ठेवलेलं नाव आहे."

शेजारच्या रांगेतून रूपाताईंनी मान वर केली. त्या डोंगरावरच्या वाडीतून कामाला येतात. हात थांबत नाहीत, कान तर नाहीतच. "सर, हितं दोन डोळं ठेवू का तीन?"

"दोन ठेवा, रूपाताई."

"आन्‌ ताईंना पन द्या की येक फांदी. नुसत्या बघत्यात मघापासनं."

फांदीकडे बघत होते की कशाकडे, हे त्यांनी सांगितलं नाही. आदिनाथनं सिकेटर माझ्या हातात दिली, फांदीवरचा एक फुगीर डोळा दाखवला. "याच्या वर. तिरकी. घाबरू नका, झाडाला सवय आहे." मी कात्री चालवली. टच्‌. त्यानं त्या खुंटाला पांढरा दोरा बांधला आणि दोऱ्याला चिठ्ठी. चिठ्ठीवर तारीख लिहिली—आजची नव्हे, चौदा फेब्रुवारी.

तेवढ्यात वरचे फॉगर सुरू झाले. पावसाळा कधीच संपलेला, आणि तरी बारीक, बारीक, जमिनीपर्यंत न पोचणारा पाऊस. माझ्या पापण्यांवर, त्याच्या ओरखड्यांवर. त्या धुक्यात तो मला परत तसाच दिसला, काचेच्या गोलातून पहिल्यांदा दिसला होता तसा.

"तुला सांगायचंय," तो म्हणाला. या वेळी 'तू' दुरुस्त केलं नाही. "मी केनियाला चाललोय. सोळा फेब्रुवारीला. तिथं तळ्याकाठी गुलाबाचे मोठे मळे आहेत. दोन वर्षांचा करार. सप्ताहाच्या आधीच सही केली होती."

फॉगर बंद झाले. पानांवरून टपटप ऐकू येऊ लागलं.

"मग पुढच्या सप्ताहाला तुम्ही नसाल...?"

"हो."

"मग नारळ परत द्यायला हवा," मी म्हटलं. किती नीट आवाजात म्हटलं.

"हवाच, असं नाही," तो म्हणाला. "सिद्धांतातला एक नियम तुला सांगायचा राहिला. परिणाम आधी येऊन बसतो, पण कायमचा नाही. कारण पोचलंच नाही तर तो आल्या पावली परत जातो. मग काही घडलंच नव्हतं असं होतं. कुणाला आठवतसुद्धा नाही."

"किती दिवस थांबतो?"

"ते अजून वहीत लिहिलेलं नाही."

परतीच्या जीपमधे मी खिडकीशी बसले. तळेगाव गेलं, वडगाव गेलं. कामशेतच्या अलीकडे माझ्या लक्षात आलं की मला त्याची आठवण येतेय. रडू येईल इतकी. तो अजून गेलाच नव्हता, मागं पंधरा-वीस किलोमीटरवर गुलाबाच्या रांगेत उभा होता. माणूस दीड महिन्यानं जाणार, आणि आठवण आधी येऊन शेजारी बसली होती, खिडकीची जागा मागत.

---

थांब म्हणावं, असं रोज वाटायचं. पण कशाच्या जोरावर म्हणायचं? माझ्याकडे होतं काय, एक चुकलेला कागद आणि एक नारळ. मी दिवसभर लोकांना 'कारण लिहा' सांगणारी बाई. माझ्याजवळच लिहिण्यासारखं काही नव्हतं. त्याला दूरची वाट खुणावत होती, त्याच्या हाताला तिथं मोठं काम मिळणार होतं. आणि मी इथं आईजवळ. दोघीच उरलो होतो आम्ही घरात, ती आणि मी.

तो रोज एक फोटो पाठवायचा. खुंटावर लाल ठिपका. ठिपक्याचा कोंब. कोंबाची तांबूस पानं. खाली काहीच लिहिलेलं नसायचं, आणि मी तेच काहीच नसलेलं पुन्हा पुन्हा वाचायचे.

रोज सकाळी देवघरात दिवा लावला की नारळ कानाशी धरायचे. खळखळ.

संक्रांतीच्या आदल्या दिवशी आईनं चिंचेनं तांब्याचं ताम्हन घासायला घेतलं. म्हटलं, "आई, हे आत्ता कशाला?"

"येत्या साली अधिक मास हाय. धोंड्याचा महिना. जावयाला दीपदान द्यायला ताम्हन लागतंय."

"जावई कुठाय?"

"ताम्हन आदी घासून ठिवते," आई म्हणाली. "जावई मागनं यील."

मी तिच्याकडे बघतच राहिले. ही इंदुरीला कधी गेली होती?

संक्रांतीला दुपारी कोंडाजी आबा आले. तिळगूळ घेतला, ओट्यावर बसले, आणि देवघराकडे बघून म्हणाले, "नारळ हाय व्हय अजून. मला वाटलं आज आणून देशील. त्यो पोरगा परदेशी चाललाय म्हनं."

"आबा, तुम्ही यादी वाचलीत तेव्हा चष्मा का नाही लावलात?"

"घरी ऱ्हायला व्हता." आबांनी मिशीवरचे तीळ झटकले. "चूक माजीच हाय, न्हाई म्हनत न्हाई. पन पोरी, चूक दुरुस्त दोन तऱ्हेनं व्हती. येक तर कागुद बदलायचा. न्हाईतर मानसं."

मी उठले, नारळ हातात घेतला. घेऊन उंबऱ्यापर्यंत आले. द्यायचाच होता. दुसऱ्या कुणाला तरी दिवस मिळाला असता, कुठल्या तरी खऱ्या जोडप्याला. मग सवयीनं तो कानाशी नेला... आणि परत जाऊन देवाजवळ ठेवला.

"बरं," आबा म्हणाले. ओट्यावरून उठले. जाताना नेहमीचं भजन गुणगुणत गेले.

---

तेरा फेब्रुवारीला हॉटेलात गुलाबांचे खोके आले. एका खोक्यात वरच, ओल्या कागदात गुंडाळून, एक वेगळं फूल. देठाला पांढरा दोरा, दोऱ्याला चिठ्ठी. दुसऱ्या दिवशी, चौदाला, ते माझ्या काउंटरवर उमललं. तारीख चुकली नाही.

सोळाला सकाळी धुकं उतरलं होतं, हिवाळा जाता जाता काहीतरी विसरलं म्हणून परत आल्यासारखं. मी काचेवर गोल पुसला. बाहेर एक टॅक्सी उभी होती, टपावर दोन बॅगा.

तो आत आला. इस्त्रीचा शर्ट, आणि त्याखाली तेच ओरखडे. ड्रायव्हरनं बाहेरून घड्याळ दाखवलं. एक्स्प्रेसवेला घाटात गाड्या तुंबल्यात, विमान गाठायचंय.

मी रजिस्टर पुढं सरकवलं. हात कशाला तरी लावायला हवा होता म्हणून. त्यानं लिहिलं. नाव. गाव. टॅक्सीचा नंबर. शेवटच्या रकान्याशी थांबला.

"संक्रांत होऊन गेली," तो खाली बघत म्हणाला. "नारळ परत दिलास?"

"नाही."

"का?"

बाहेर हॉर्न वाजला. उमललेल्या फुलाची एक पाकळी काउंटरवर पडली. मी ती उचलली, घडी घातली, उलगडली.

"मला आठवण येते," मी म्हटलं.

"मी तर अजून इथंच आहे."

"तुम्ही... तू जायच्या आधीपासून येते. इंदुरीहून परतले तेव्हापासून." मग वाटलं, एवढं बोललेच आहे तर खरं ते बोलावं. "नाही. त्याच्याही आधीपासून. तू यायच्या आधीपासून. मी रोज काच पुसून बाहेर बघायचे. किती महिने. कुणाची वाट बघतेय ते मला ठाऊक नव्हतं. वाट आधी होती. तू मागून आलास."

तो मोकळ्या रकान्याकडे बघत राहिला. इतका वेळ की मला वाटलं, परिणाम आल्या पावली परत चालला.

मग त्यानं पाकिटातून दोन कागद काढले. एक काउंटरवर ठेवला. "हे जायचं तिकीट. पंचवीस जानेवारीला काढलं." दुसरा त्याच्यावर ठेवला. "हे यायचं. सप्ताह बसायच्या आदल्या दिवशी मी मुंबईत उतरतो. हे बघ कधी काढलंय."

चौदा जानेवारी. संक्रांत.

"जायच्या आधी यायचं तिकीट?" माझ्या तोंडून हसू आणि रडू एकदमच निघालं. "आणि सुट्टी?"

"सुट्टी मागून मिळाली. कारण विचारत होते, सांगितलं घरचा कार्यक्रम आहे." तो पहिल्यांदा नीट माझ्याकडे बघून बोलला. "नारळ परत गेला की राहिला, मला माहीत नव्हतं, अपेक्षा. आबांना फक्त तिथी विचारली. अधिक महिना धरून."

"गेला असता तर?"

"तर पाचव्या दिवशी पंगतीत जेवून परत गेलो असतो. तुझ्या हातचा भात घेऊन."

पुन्हा हॉर्न. मी डोळे पुसले आणि रजिस्टरची पानं मागं उलटायला लागले. जानेवारी, डिसेंबर, नोव्हेंबर. सापडलं. आदिनाथ ढमाले, इंदुरी, मोटरसायकल, आणि पुढं मोकळा रकाना. पानाखाली निलेश सरांची सही केव्हाच वाळलेली. मी पेन घेतलं आणि लिहिलं— 'बायकोला बघायला.'

त्यानं उलट्या बाजूनं वाकून वाचलं. कान परत लाल झाले.

"आणि आजचा?" त्यानं आजच्या ओळीवर बोट ठेवलं.

"तो मोकळा राहू दे," मी म्हटलं. "मार्गशीर्षात भरू."

दारापाशी जाऊन तो वळला. काच पुन्हा पांढरी झाली होती. बाहेर गेल्यावर त्यानं बाहेरून तळहात टेकवला, मी आतून. काच गार होती, मग नव्हती. मग टॅक्सीचे लाल दिवे धुक्यात विरले, खंडाळ्याच्या बाजूला.

---

आता अधिक मास चालू आहे. यंदाचं वर्ष तेरा महिन्यांचं. पंचांगवाल्यांना दुसरं वर्ष मिळालं नाही. आईनं अनारसे केले, तेहतीस मोजून, आणि ताम्हनात रचून फोटो काढून घेतला. "पाठव त्याला," म्हणाली. "यंदा बघून घे म्हनावं. खायचं मागनं." तो फोनवर तिला 'आई' म्हणतो. साखरपुडाही अजून झालेला नाही. तोही मार्गशीर्षातच, सप्ताह उठला की. शालूबाई मावशींनी मात्र मला परवाच हळदीकुंकू लावलं, जोडवी कुठायत म्हणून दटावलंही.

तिथली घड्याळं आपल्या मागं आहेत, अडीच तास. माझी सांज आधी होते, मी दिवा लावते, टाळाचा आवाज त्याला फोनवर ऐकवते. आणि त्याच्या मळ्यावर तेव्हा ऊन असतं. तो म्हणतो, तुझी संध्याकाळ माझ्याकडे मागून येते, मी तिची वाट बघतो.

आज सकाळी नारळ हलवून बघितला. पाणी कमी झालंय. पण आत खोबरं सुटत चाललंय, हलवलं की कवटीला हलकेच टेकतं, कुणीतरी आतून दार वाजवल्यासारखं.

धुकं यायला अजून सहा महिने आहेत. काच लख्ख कोरडी आहे, सगळा हायवे दिसतो. तरी काउंटर उघडायच्या आधी मी तळहाताएवढा गोल पुसते.